स्टुडिओत आभाळ बांधणारा कॅमेरामन : सुब्रत मित्र

सत्यजित रे म्हटलं की पहिलं नाव येतं 'पथेर पांचाली'चं. काशाच्या पांढऱ्या तुऱ्यांमधून वाट काढणारे दुर्गा आणि अपू, आणि लांबवर धूर सोडत जाणारी रेल्वे. सिनेमा पूर्ण न पाहिलेल्यांनीही ही फ्रेम कुठं ना कुठं पाहिलेली असते. इन्स्टाग्रामवर तर ती दर काही दिवसांनी फिरत असते.

पण ही फ्रेम पकडणाऱ्या कॅमेरामननं त्याआधी सिनेमाचा कॅमेरा कधी चालवलेलाच नव्हता. वय होतं जेमतेम बावीस. नाव सुब्रत मित्र.

पुढं याच माणसानं रेंचे दहा सिनेमे शूट केले, जेम्स आयव्हरीचे पहिले चार फीचर सिनेमे शूट केले, राज कपूर आणि वहिदा रेहमानचा 'तीसरी कसम' शूट केला. सिनेमात प्रकाश कसा वापरायचा याची एक नवी वाट त्यानं भारतात पाडली. आणि चाळिशी गाठेपर्यंत त्याच्या कारकिर्दीचा मोठा भाग संपलेलाही होता.

स्वतंत्र सिनेमाचा कॅमेरामन म्हणून जगणं म्हणजे नेमकं काय, हे समजून घ्यायचं तर सुब्रत मित्र यांच्याइतकं चांगलं उदाहरण सापडणं अवघड आहे.

आधी एक गोष्ट समजून घेऊ. तीस-चाळीसच्या दशकात सिनेमा म्हणजे स्टुडिओ. आपल्याकडं पुण्यात प्रभात होती, कोलकात्यात न्यू थिएटर्स होती. कॅमेरामन, संगीतकार, नट, सगळे महिन्याच्या पगारावर. नवीन पोरगा आला की आधी सामान उचलायचा, मग फोकस ओढायचा आणि दहा-बारा वर्षांनी नशीब असेल तर कॅमेऱ्यामागं उभा राहायचा. शिकायची वाट ती एकच. फिल्म इन्स्टिट्यूट तेव्हा नव्हतीच. प्रभातच्या आवारात ती सुरू व्हायला 1960 साल उजाडलं.

सुब्रत मित्र यांचा जन्म 12 ऑक्टोबर 1930 चा. कोलकात्यात सायन्सला होते. डेव्हिड लीनचा 'ग्रेट एक्सपेक्टेशन्स' पाहिला आणि डोक्यात भरलं की आपण हेच करायचं. स्टुडिओत असिस्टंटची जागा काही मिळाली नाही. शिक्षण चालू ठेवावं लागलं.

तेवढ्यात 1950 च्या सुमारास फ्रान्सचे मोठे दिग्दर्शक ज्याँ रेन्वार 'द रिव्हर' हा सिनेमा करायला बंगालमध्ये आले. कॅमेऱ्यावर होते त्यांचे पुतणे क्लोद रेन्वार. सुब्रत काम मागायला गेले. नकार मिळाला. मग वडील पोराला घेऊन थेट रेन्वार यांच्याकडं गेले आणि निदान बघत बसायची तरी परवानगी द्या म्हणाले. ती मिळाली.

पोरगा नुसता बघत बसला नाही. वही घेऊन बसला. लाइट कुठं लावला, नट कुठून कुठं चालला, कॅमेरा कसा हलला, सगळ्याची चित्रं काढून टिपणं ठेवायला लागला. एकदा एक सीन पुन्हा घ्यायची वेळ आली. आधीचा लाइट नेमका कसा होता ते पडताळायला क्लोद रेन्वार यांनी त्याचीच वही मागवून घेतली! सेटवर ज्याला कामावर घेतलं नव्हतं, त्याच्याच टिपणांवर लाइट तपासला गेला.

याच सेटवर जाहिरात कंपनीत नोकरी करणारा एक उंच माणूस सवड मिळेल तेव्हा चक्कर मारायचा. तो म्हणजे सत्यजित रे. कलादिग्दर्शनाच्या कामावर बन्सी चंद्रगुप्त होते. बंगाली सिनेमाचा पुढचा नकाशा बदलणारे तिघं असे दुसऱ्याच्या सिनेमाच्या सेटवर एकमेकांच्या जवळ आले.

रेंनी 'पथेर पांचाली' करायचं ठरवलं तेव्हा कॅमेऱ्यासाठी सुब्रत यांना विचारलं. आजच्या भाषेत सांगायचं तर ही शंभर टक्के रिस्क होती. दिग्दर्शकाचा पहिला सिनेमा, कॅमेरामनचा पहिला सिनेमा आणि निर्माता कुणीच नाही.

27 ऑक्टोबर 1952 ला शूटिंग सुरू झालं, काशाच्या रानातच. रेंना नोकरी होती, त्यामुळं शूटिंग रविवारी. पुढच्या वेळी सगळे तिथं परतले तर काश गायब. गुरांनी सगळं चरून टाकलं होतं. राहिलेला भाग घ्यायला पुढचा हंगाम येईपर्यंत थांबावं लागलं.

पुढं पैसे संपले. रेंनी विम्याची पॉलिसी, ग्रामोफोनच्या तबकड्या, बायकोचे दागिने असं एकेक बाहेर काढलं. शूटिंग महिनोन्‌महिने बंद पडायचं. शेवटी पश्चिम बंगाल सरकारनं पैसे घातले आणि 1955 मध्ये सिनेमा पूर्ण झाला. पुढच्या वर्षी कान महोत्सवात त्याला सर्वोत्कृष्ट मानवी दस्तऐवज म्हणून गौरवलं गेलं.

या सगळ्यात कॅमेरामनचं काय झालं असेल? एकच सीन निम्मा एका वर्षी, निम्मा दुसऱ्या वर्षी. ऋतू वेगळा, ऊन वेगळं. तरी पडद्यावर ते एकाच दुपारचं वाटलं पाहिजे. सुब्रत यांचं खरं शिक्षण इथं झालं, कोलकात्याजवळच्या बोडाल गावातल्या पडक्या घरात, आहे त्या उजेडाशी जुळवून घेत. वर या पठ्ठ्यानं सिनेमाच्या संगीतात सतारही वाजवली. संगीत रविशंकर यांचं होतं, त्यांना वेळ कमी पडला आणि राहिलेल्या काही तुकड्यांवर सतार कॅमेरामननं छेडली.

पण सुब्रत मित्र हे नाव सिनेमाच्या इतिहासात कायमचं लिहिलं गेलं ते दुसऱ्या सिनेमामुळं.

'अपराजितो'. साल 1956. अपूचं कुटुंब बनारसला येतं. गल्लीबोळातलं जुनं घर, मधोमध चौक, वर उघडं आभाळ. पुण्या-नाशिकचे जुने वाडे ज्यांनी पाहिलेत त्यांना हा प्रकार नीट कळेल. वाड्याच्या चौकात दुपारी उभं राहिलं तर थेट ऊन फार कमी वेळ येतं. बाकी दिवसभर आभाळातून झिरपलेला मऊ उजेड असतो. त्या उजेडात माणसाची ठळक सावली पडतच नाही.

बन्सी चंद्रगुप्त यांना हा चौक उघड्यावर बांधायचा होता. पण पावसाळ्याची धास्ती होती. त्यामुळं सेट कोलकात्याच्या स्टुडिओत, छपराखाली बांधायचं ठरलं. सुब्रत यांनी रे आणि बन्सी दोघांशीही वाद घातला. म्हणणं एकच, आभाळाचा बिनसावलीचा उजेड स्टुडिओत आणता येणार नाही.

त्यांचं म्हणणं का बरोबर होतं ते बघू. त्या काळी स्टुडिओत मोठाले दिवे वरून टांगायचे आणि थेट नटावर सोडायचे. एक मुख्य दिवा चेहऱ्यावर, दुसरा सावली भरायला, तिसरा मागून केसांवर. चेहरे चमकायचे. पण भिंतीवर एकाच माणसाच्या दोन-तीन सावल्या पडायच्या. जुने सिनेमे लक्ष देऊन बघा, रात्रीच्या झोपडीत एक कंदील असतो आणि सावल्या तीन दिशांना असतात. प्रेक्षकांना त्याची सवय होती, त्यामुळं कुणी विचारायचं नाही.

सुब्रत यांना हे चालणार नव्हतं. पहिला सिनेमा खऱ्या गावात, खऱ्या उजेडात झालेला. बनारसच्या खऱ्या गल्ल्यांत घेतलेले शॉट आणि स्टुडिओतले शॉट शेजारी शेजारी येणार होते. उजेड खोटा पडला की अख्खं घर खोटं पडणार.

मग त्यांनी जे केलं ते ऐकायला अगदीच साधं आहे. सेटच्या वर जिथं आभाळ असायला हवं होतं, तिथं चौकटीवर पांढरं कापड ताणून लावलं. दिवे खाली ठेवले आणि त्यांची तोंडं नटांकडं न करता त्या कापडाकडं, म्हणजे वर केली. उजेड कापडावर आपटून, पसरून खाली येऊ लागला. स्टुडिओच्या छपराखाली आभाळाचा एक तुकडा तयार झाला.

यालाच बाउन्स लाइट म्हणतात. करून बघायचं असेल तर रात्री खोलीतला दिवा घालवा आणि मोबाइलचा टॉर्च थेट कुणाच्या तरी तोंडावर मारा. नाकाची काळी सावली, कपाळावर चकाकी, अगदी चोर पकडल्यासारखा चेहरा. आता तोच टॉर्च पांढऱ्या भिंतीवर किंवा छतावर मारा. उजेड कमी होईल, पण चेहरा माणसाचा वाटेल. कारण आता उजेड एका ठिपक्यातून येत नाही, अख्ख्या भिंतीवरून येतो.

यात गोम एवढीच की उजेडाचा बराच हिस्सा वाटेतच वाया जातो. तेव्हाची फिल्म आजच्या कॅमेऱ्यांच्या मानानं फारच मंद होती, तिला भरपूर उजेड लागायचा. म्हणजे ज्यांच्याकडं आधीच पैसे कमी, त्यांनीच उजेड वाया घालवणारी पद्धत निवडली. हौस म्हणून नाही. दुसऱ्या कुठल्याच पद्धतीनं तो चौक खरा दिसत नव्हता.

'अपराजितो'ला 1957 मध्ये व्हेनिसचा गोल्डन लायन मिळाला.

इथं एक वादाचा मुद्दा येतो. काही वर्षांनी स्वीडनचे स्वेन निकविस्ट यांनी बर्गमनच्या 'थ्रू अ ग्लास डार्कली'साठी असाच परावर्तित प्रकाश वापरला आणि त्यावर अमेरिकन सिनेमॅटोग्राफर मासिकात छापून आलं. रेंनी ते वाचलं आणि पुढं आवर्जून सांगितलं की हे तर आमच्याकडं सुब्रत कित्येक वर्षं आधीपासून करतोय. फ्रान्समध्ये राऊल कुतार यांनीही गोदारच्या सिनेमांसाठी छतावर दिवे मारून खोल्या उजळल्या.

मग 'जगात पहिला कोण' हा प्रश्न सोशल मीडियावर रंगतो. पण त्याला फारसा अर्थ नाही. स्टुडिओची चकाकी नको असलेली माणसं वेगवेगळ्या देशांत एकाच उत्तरापर्यंत आपापल्या वाटेनं पोचली. फरक प्रसिद्धीचा होता. निकविस्ट यांच्यामागं बर्गमन आणि पुढं हॉलिवूड उभं राहिलं, त्यांना दोन ऑस्कर मिळाली. कोलकात्यात कापड ताणणाऱ्या माणसाबद्दल तेव्हा कुठल्या मोठ्या मासिकात लेख आला नाही, म्हणून पाठ्यपुस्तकात त्याचं नाव उशिरा पोचलं.

त्याच काळात मुंबईत व्ही. के. मूर्ती गुरुदत्त यांचे सिनेमे करत होते. 'कागज के फूल'मधला स्टुडिओच्या अंधारात वरून उतरणारा तो प्रकाशाचा झोत आठवा. मूर्तींचा प्रकाश स्वतः पडद्यावर येऊन अभिनय करतो, टाळ्या घेतो. सुब्रत यांचा प्रकाश लपून राहतो. प्रेक्षकाच्या लक्षात आला तर काम फसलं असं समजायचं. दोन्ही शाळा थोरच. पण पहिल्या शाळेला दाद लगेच मिळते आणि दुसरीला मिळत नाही, कारण काही केलंय हेच कुणाला कळत नाही. मूर्तींना पुढं दादासाहेब फाळके पुरस्कार मिळाला, तो मिळवणारे ते पहिले सिनेमॅटोग्राफर. सुब्रत यांच्या वाट्याला पद्मश्री आली, फाळके नाही.

त्यानंतरची दहा वर्षं म्हणजे कामांची रांगच आहे. 'जलसाघर'मधला झुंबराखालचा मावळता जमीनदार, 'अपूर संसार', 'देवी'. 1962 चा 'कांचनजंघा' हा रेंचा पहिला रंगीत सिनेमा, दार्जिलिंगमध्ये घडणारा. ऊन, मग ढग, मग धुकं, मग पुन्हा ऊन. सिनेमाची गोष्टच जवळपास सलग एका दुपारची. दुसरा कुणी असता तर हवामानानं वैतागला असता. इथं ते धुकंच गोष्टीत वापरलं गेलं, माणसांची मनं झाकोळली की फ्रेमही झाकोळते.

मध्येच डोळ्यांच्या दुखण्यानं सुब्रत यांना बाजूला व्हावं लागलं. तेव्हा त्यांचे असिस्टंट सौमेंदू रॉय यांनी 'तीन कन्या' आणि पुढं 'अभिजान' शूट केले. पगारी नोकरी नसलेल्या माणसाचं असंच असतं. आजारपण आलं की काम दुसऱ्याकडं जातं, आणि ते दुसऱ्यानं चांगलंही केलेलं असतं.

1964 चा 'चारुलता' हा या जोडीचा कळस मानला जातो. एकोणिसाव्या शतकातलं कोलकात्याचं श्रीमंत घर, जवळपास सगळं सेटवर बांधलेलं. एकटी चारू दुर्बीण घेऊन या खिडकीतून त्या खिडकीकडं फिरते. प्रत्येक खिडकीतून येणारा उजेड दुपारचाच वाटतो, दिव्याचा वाटत नाही.

पण याच सिनेमापासून एक गोष्ट बदलली. रे स्वतः कॅमेरा ऑपरेट करू लागले.

ज्यांना सेटची माहिती नाही त्यांच्यासाठी सांगायला हवं. सिनेमॅटोग्राफर प्रकाश ठरवतो, लेन्स ठरवतो, फ्रेमचा पोत ठरवतो. प्रत्यक्ष शॉट चालू असताना भिंगातून बघत कॅमेरा हलवणारा माणूस वेगळा असू शकतो, त्याला ऑपरेटर म्हणतात. रेंचं म्हणणं होतं की शॉट जमला की नाही हे भिंगातून बघणाऱ्यालाच कळतं, आणि दिग्दर्शक कॅमेऱ्यामागं गेला की नटही मोकळे होतात. बाजू पटण्यासारखी आहे. पण स्वतःच्या डोळ्यानं फ्रेम बघूनच काम करणाऱ्या माणसाच्या हातातून ती जागा जाते, तेव्हा त्याला काय वाटत असेल हेही समजण्यासारखं आहे. भरीस भर म्हणजे सिनेमाच्या देखणेपणाचं श्रेय समीक्षक बहुतेक वेळा दिग्दर्शकाच्याच नावावर मांडतात.

1966 चा 'नायक' हा दोघांचा शेवटचा एकत्र सिनेमा. उत्तमकुमार, शर्मिला टागोर आणि रेल्वेचा डबा, तोही स्टुडिओत बांधलेला. पुढं रेंच्या कॅमेऱ्यावर सौमेंदू रॉय कायमचे आले. सुब्रत तेव्हा छत्तीस वर्षांचे होते.

त्याच वर्षी 'तीसरी कसम' आला. फणीश्वरनाथ रेणूंची कथा, गीतकार शैलेंद्र निर्माते, बासू भट्टाचार्य दिग्दर्शक. राज कपूर यांना बैलगाडीवाला हिरामन म्हणून उभं करायचं तर चेहऱ्यावर स्टारचा झगमगाट नको होता. तो सुब्रत यांनी दिला नाही. सिनेमाला राष्ट्रपतींचं सुवर्णपदक मिळालं, पण तिकीटबारीवर तो सुरुवातीला आपटला आणि त्याच वर्षी डिसेंबरमध्ये शैलेंद्र गेले. हिंदी सिनेमात सुब्रत यांना दुसरं असं काम मिळण्याची वाट तिथंच अरुंद झाली.

दुसरी वाट मर्चंट-आयव्हरीची होती. मुंबईचे इस्माइल मर्चंट निर्माते, अमेरिकेचे जेम्स आयव्हरी दिग्दर्शक. त्यांचा पहिला फीचर सिनेमा 'द हाउसहोल्डर' रेंच्याच तंत्रज्ञांच्या मदतीनं झाला. मग 'शेक्सपिअरवाला', जो पैसे नव्हते म्हणून कृष्णधवल झाला आणि आज त्याच्या त्या काळ्या-पांढऱ्यासाठीच वाखाणला जातो. 'द गुरू' आणि 1970 चा 'बॉम्बे टॉकी'. प्रचंड टाइपरायटरच्या कळांवर नाचणारी हेलन आठवते ना, ती 'बॉम्बे टॉकी'मधलीच.

आणि मग जवळपास शांतता. हे नाव पुन्हा ठळकपणे पुढं आलं ते थेट 'न्यू दिल्ली टाइम्स'मुळं. रमेश शर्मा यांचा पहिला सिनेमा, पटकथा गुलजार यांची, शशी कपूर संपादकाच्या भूमिकेत. 33 व्या राष्ट्रीय पुरस्कारांत शशी कपूर यांना अभिनयाचा आणि सुब्रत मित्र यांना छायाचित्रणाचा पुरस्कार मिळाला. 'पथेर पांचाली' आणि या सिनेमात तीस वर्षांचं अंतर आहे. त्यातली पहिली पंधरा वर्षं भरगच्च, उरलेली जवळजवळ कोरी.

काम का आटलं? ते हळू काम करतात, तडजोड करत नाहीत अशी त्यांची ख्याती होती. मनासारखा उजेड होईपर्यंत ते थांबायचे. बावीस वर्षांच्या पोराला हेच गुण म्हणून मोजले गेले, कारण तेव्हा अख्खं युनिटच एका रविवारवरून दुसऱ्या रविवारपर्यंत थांबत होतं. पण दिवसाच्या शिफ्टवर भाडं भरणाऱ्या निर्मात्याला थांबणारा कॅमेरामन परवडत नाही. पाठीशी पगार देणारा स्टुडिओ नाही, कायमचा दिग्दर्शकही उरला नाही. स्वतंत्र कॅमेरामनचं 'नाही' त्याच्याच खिशातून जातं.

1992 मध्ये कोडॅकचा जीवनगौरव मिळाला. कोलकात्यात सत्यजित रे फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूट सुरू झाल्यावर 1997 पासून ते तिथं सिनेमॅटोग्राफी शिकवायला लागले. ज्याला कुठल्याच शाळेत जायला मिळालं नाही, तो रेंच्या नावाच्या शाळेत प्राध्यापक झाला. डिसेंबर 2001 मध्ये वयाच्या एकाहत्तराव्या वर्षी त्यांचं निधन झालं.

त्यांच्या हयातीतच आणखी एक गोष्ट घडली होती. जुलै 1993 मध्ये लंडनमधल्या हेंडरसन लॅबला आग लागली आणि तिथं ठेवलेल्या अपू चित्रत्रयीच्या मूळ निगेटिव्ह जळाल्या. होरपळलेली रिळं अमेरिकेत ऑस्करवाल्या अकादमीकडं जपून ठेवली गेली. वीस वर्षांनी इटलीत बोलोन्याच्या प्रयोगशाळेत ती ठिसूळ, चिकटलेली फिल्म रसायनांत भिजवून मऊ केली गेली आणि हातानं दुरुस्त केली गेली. 'पथेर पांचाली'चा सुमारे 40 टक्के आणि 'अपराजितो'चा 60 टक्क्यांहून जास्त भाग त्या मूळ निगेटिव्हमधूनच परत मिळाला. 'अपूर संसार'ची मूळ निगेटिव्ह मात्र वापरण्यापलीकडं गेली होती, तो दुसऱ्या प्रतींवरून उभा केला. 2015 मध्ये तिन्ही सिनेमे पुन्हा पडद्यावर आले.

आज मराठी मालिकेच्या सेटवर गेलात तर नटाच्या शेजारी पांढरा थर्माकोल धरून उभा असलेला मुलगा दिसतोच. लग्नाचे फोटोग्राफर फ्लॅशचं तोंड छताकडं वळवतात. यूट्यूबर पांढऱ्या भिंतीवर दिवा मारतात. तत्त्व तेच.

'अपराजितो' बघायला मिळाला तर बनारसच्या घरातला चौक येईल तेव्हा गोष्टीकडं जरा दुर्लक्ष करा आणि जमिनीकडं बघा. तिथं सावली शोधून बघा.